जुळी : बीज एक, माणसे दोन

जुळ्यांच्या गोष्टी मुलांना फार आवडतात. गोष्ट कोणत्याही देशातली असो, तिची सारी गंमत बहुधा एकाच गोष्टीवर उभी असते, ती म्हणजे ‘हा’ला ‘तो’ समजणे. एरिश केस्टनर या जर्मन लेखकाने १९४९ साली लिहिलेल्या एका बालकादंबरीत नऊ वर्षांच्या दोन मुली सुट्टीतल्या शिबिरात समोरासमोर येतात. एक व्हिएन्नात वडिलांजवळ वाढलेली, अवखळ. दुसरी म्युनिकमध्ये आईजवळ वाढलेली, शहाणीसुरती, घरचा स्वयंपाकही करणारी. आपण जुळ्या बहिणी आहोत हे कळल्यावर दोघी घरांची अदलाबदल करतात. या कथेवर १९६१ साली अमेरिकेत चित्रपट निघाला आणि १९६८ साली आपल्याकडे ‘दो कलियाँ’ आला.

मूळ गोष्टीतला एक बारकावा मला नेहमी महत्त्वाचा वाटतो. अदलाबदल करण्यापूर्वी दोघींना एकमेकींच्या सवयी, ओळखीची माणसे, शाळेतल्या खोड्या असे सगळे पाठ करावे लागते. चेहरा सारखा असणे पुरत नाही. म्युनिकला गेलेल्या अवखळ मुलीला तर स्वयंपाक करताना घाम फुटतो.

आपल्या डोक्यातली जुळ्यांची कल्पना मात्र पुस्तकांपेक्षा सिनेमाने घडवली आहे. ‘राम और श्याम’ (१९६७) मध्ये दिलीपकुमार, ‘सीता और गीता’ (१९७२) मध्ये हेमा मालिनी. पडद्यावरची ही जुळी म्हणजे खरोखरच एक माणूस दोनदा! आणि एकाच माणसाकडून दोघांचे काम करून घ्यायचे म्हटल्यावर फरक भडक करावा लागतो. मग एक भित्रा तर दुसरा धीट, एक सोशिक तर दुसरी दांडगट. जुळ्यांबद्दलच्या आपल्या दोन्ही चुका यात सापडतात. एक तर आपण दोघांना मिळून एक धरतो, नाही तर दोन टोके धरतो. शाळेत या दोन्ही चुका रोज होतात आणि त्या मुलांना महागात पडतात. त्याबद्दल पुढे येईलच. आधी एका गावाची आठवण करू.

नंदुरबार जिल्ह्यातल्या टेंभली या गावी २९ सप्टेंबर २०१० रोजी देशातले पहिले आधार क्रमांक दिले गेले. आधारसाठी माणसाच्या दहाही बोटांचे ठसे, दोन्ही डोळ्यांच्या बुबुळांची चित्रे आणि चेहऱ्याचे छायाचित्र घेतात. आता समजा, शहादा तालुक्यातल्या एखाद्या घरातली एकाला झाकावे नि दुसऱ्याला काढावे अशी जुळी भावंडे या यंत्रासमोर उभी राहिली. यंत्र फसेल का?

चेहऱ्यावर भिस्त ठेवली तर फसण्याचा संभव आहे. चेहरा ओळखणाऱ्या यंत्रांना जुळी आजही अवघड जातात. ठसे आणि बुबुळे यांच्या बाबतीत मात्र सहसा फसणार नाही. याचे कारण समजून घेतले की जुळ्यांच्या कोड्याचा अर्धा भाग उलगडतो.

शंख आणि चक्र

बोटांच्या टोकांवरच्या शंख-चक्रांची ओळख आपल्याकडे जुनी आहे. हात बघणाऱ्यांचे भविष्य बाजूला ठेवून नुसती आकृती पाहू. ज्या रेषा एका बाजूने येऊन वळसा घेऊन त्याच बाजूने परत जातात तो शंख, गोल गोल फिरतात ते चक्र. तिसरा प्रकार साध्या कमानीचा, आणि तो बराच कमी आढळतो. वर्गात हे करून पाहणे सोपे आहे. मऊ पेन्सिलीचे शिसे कागदावर खूप घासावे, त्यावर बोट दाबावे, मग बोटावर चिकटपट्टी लावून ती काढून पांढऱ्या कागदावर चिकटवावी. ठसा स्वच्छ उमटतो. प्रत्येक मुलाच्या दहा बोटांचा तक्ता करावा. वर्गात जुळी असतील तर उत्तम, नसतील तरी चालेल. का चालेल ते थोड्या वेळाने कळेल.

आईच्या पोटात तिसऱ्या-चौथ्या महिन्यात गर्भाच्या बोटांवर हे उंचवटे उठू लागतात आणि पाचवा महिना सरण्यापूर्वी आकृती कायमची ठरते. एडिनबरो येथील संशोधकांनी २०२३ साली दाखवून दिले की हे उंचवटे लाटांसारखे पसरत जातात. एक लाट बोटाच्या उशीच्या मध्यातून, दुसरी नखाच्या बाजूने आणि तिसरी सांध्याच्या घडीपासून निघते. उंचवटा उठवणारे आणि उंचवटा दाबणारे असे रासायनिक संदेश एकमेकांशी झुंजतात आणि त्यातून पट्टे तयार होतात. असे पट्टे गणिताने कसे मिळू शकतात हे ॲलन ट्युरिंग यांनी १९५२ सालीच सांगून ठेवले होते. तीन लाटा कुठे आणि कधी भेटतात यावर शंख, चक्र की कमान हे ठरते.

आता जुळ्यांकडे वळू. बोटाच्या उशीचा साधारण आकार आणि वाढीचा वेग यांत जनुकांचा मोठा वाटा असतो. म्हणून जुळ्यांच्या बोटांवर एकाच जातीची आकृती असण्याचा संभव जास्त. पण एखादी रेष कुठे तुटावी, कुठे दुभागावी, हे त्या क्षणी त्या जागच्या घडामोडीवर अवलंबून असते. पेशी इकडची तिकडे झाली, दाब थोडा कमी-जास्त झाला की रेषेची वाट बदलते. २००२ साली अनिल जैन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी जुळ्यांचे ठसे संगणकाला ताडायला दिले. ते परक्या माणसांच्या ठशांपेक्षा थोडे अधिक सारखे निघाले, तरीही संगणकाला ते वेगळे ओळखता आले. बुबुळाच्या पोताची गोष्ट तर याहून पुढची. जुळ्यांची बुबुळे रंगाने सारखी असली तरी पोताच्या बाबतीत दोन अनोळखी माणसांइतकी वेगळी असतात.

वर्गात जुळी नसली तरी चालेल असे म्हटले ते यासाठी की प्रत्येक मुलाचा डावा अंगठा आणि उजवा अंगठा हीसुद्धा एका अर्थाने जुळीच आहेत. दोघांची जनुके अगदी एक, आई एक, पोट एक, जेवणही एक. तरी ठसे ताडून पाहा. मुलांना हे स्वतःच्या हातावर दिसले की पुढचे सांगणे सोपे होते. जनुके सारखी असली म्हणजे घडण हुबेहूब सारखी होतेच असे नाही.

एक गंमत म्हणजे जुळ्यांच्या अभ्यासाची आणि ठशांच्या अभ्यासाची वाट एकाच माणसाच्या दारातून जाते. फ्रान्सिस गाल्टन या इंग्रज शास्त्रज्ञाने १८७५ साली ‘निसर्ग की संगोपन’ या प्रश्नासाठी जुळ्यांच्या हकिगती गोळा केल्या आणि १८९२ साली बोटांच्या ठशांवर ग्रंथ लिहिला. जुळ्यांचे ठसे सारखे दिसतात पण एकच नसतात, हे त्यालाही आढळले होते. माणसांची पैदास निवडून सुधारावी हा विचारही याच गृहस्थाचा. त्याची फळे पुढे फार कडू निघाली. दुसऱ्या महायुद्धात आउशवित्झच्या छळछावणीत जुळ्या मुलांवर जे प्रयोग झाले ते वाचवत नाहीत.

पोटातच वेगळी वाट

जुळी दोन प्रकारची असतात हे आपण दहावीत शिकवतो. एका फलित अंड्याचे पहिल्या काही दिवसांत दोन भाग झाले तर एकयुग्मजी जुळी होतात. आईच्या दोन अंड्यांचे दोन वेगळ्या शुक्रपेशींनी फलन झाले तर द्वियुग्मजी जुळी होतात. दुसऱ्या प्रकारची जुळी म्हणजे एकाच वेळी पोटात राहिलेली साधी भावंडे. एकयुग्मजी जुळ्यांचे प्रमाण जगभर जवळपास सारखे, हजार बाळंतपणांत सुमारे चार, असते. द्वियुग्मजींचे प्रमाण मात्र प्रदेशाप्रमाणे आणि आईच्या वयाप्रमाणे बरेच बदलते. नायजेरियाच्या योरुबा लोकांत ते फार जास्त, जपानात फार कमी.

पाठ्यपुस्तकात सहसा न येणारा भाग वारेचा आहे. एकयुग्मजी जुळ्यांपैकी सुमारे दोन तृतीयांश जुळी एकाच वारेवर पोसली जातात. वार एक असली तरी वाटणी निम्मी-निम्मी होतेच असे नाही. एकाची नाळ वारेच्या मध्यावर जुळलेली असते, दुसऱ्याची कडेला. कधी दोघांच्या रक्तवाहिन्या वारेत जोडल्या जाऊन एकाचे रक्त दुसऱ्याकडे जात राहते. मग एकाच बीजाची दोन बाळे जन्मतात ती एक सव्वादोन किलोची आणि एक दीड किलोची. म्हणजे पहिला श्वास घेण्यापूर्वीच दोघांना वेगळे जग मिळालेले असते.

शहादा-तळोदा भागातल्या वाचकांना केळीचे उदाहरण लगेच पटेल. उतिसंवर्धनाने तयार केलेली केळीची रोपे एकमेकांची जुळीच असतात. एका बागेत हजारो. तरी बांधाकडेचे झाड आणि मधले झाड सारखे वाढत नाही, आणि दोन शेजारच्या झाडांचे घडही एका वजनाचे भरत नाहीत. शेतकरी त्यावर झाडाला आळशी म्हणत नाही. मुळाशी काय झाले ते वाकून बघतो.

आपण मुलांच्या बाबतीत असे वाकून बघतो का? सातपुड्याच्या पट्ट्यात हा प्रश्न नुसता तात्त्विक नाही.

एक चपळ, एक ‘आळशी’

अशी कल्पना करू. आश्रमशाळेच्या चौथीत दोन जुळे भाऊ आहेत. चेहरेपट्टी सारखी. एक खेळात पुढे, दुसरा सारखा बसून. थंडीत हा दुसरा पाय दुखतात म्हणून रडतो, आठवडाभर घरी जातो. त्याला ऐकावे लागते, ‘तुझा भाऊ बघ, आणि तू!’ भाऊ समोर असल्यामुळे सगळ्यांना वाटते की याची सबब खोटीच असणार. दोघे एका घरचे, एका अन्नावरचे. मग याला का जमत नाही?

या मुलाची सिकलसेलची तपासणी झाली आहे का, हे पहिल्यांदा विचारायला हवे. नंदुरबार जिल्ह्यातल्या भिल्ल, पावरा आदी समाजांत या विकाराचे जनुक बऱ्याच जणांत आढळते. आईवडील दोघेही वाहक असतील, म्हणजे प्रत्येकाकडे एक बिघडलेले आणि एक चांगले जनुक असेल, तर प्रत्येक मुलाला विकार होण्याची शक्यता चारात एक असते. दोन नाणी उडवून हे वर्गात दाखवता येते. एक नाणे आईचे, एक वडिलांचे. छाप म्हणजे बिघडलेले जनुक. दोन्ही छाप पडले तर मुलाला विकार. एकयुग्मजी जुळ्यांसाठी नाणी एकदाच उडवायची, येईल ते दोघांचे. द्वियुग्मजींसाठी मात्र दोनदा, प्रत्येकासाठी वेगळी. दुसऱ्या प्रकारात दोघांपैकी नेमक्या एकालाच विकार असण्याची शक्यता १६ पैकी ६ येते. दोघांनाही असण्याची १६ पैकी फक्त १. मुलांना हे गणित स्वतः सोडवू द्यावे आणि शंभर वेळा नाणी उडवून पडताळून बघावे.

म्हणजे दोन वाहकांच्या पोटी आलेल्या अशा जुळ्यांमध्ये ‘एक धडधाकट, एक दुखणाईत’ ही मुळीच नवलाची गोष्ट नाही. भावंडे एकमेकांसारखी दिसतात एवढ्यावरून ती एकयुग्मजी आहेत असे ठरवता येत नाही. खात्री जनुकीय तपासणीनेच होते.

बरे, जुळी एकयुग्मजी असली आणि दोघांनाही विकार असला, तर दोघांचे दुखणे सारखे चालेल का? जमैकातील संशोधकांनी अशा जुळ्यांचा मागोवा घेऊन २००५ साली त्याचे निष्कर्ष प्रसिद्ध केले. उंची, वजन आणि रक्ताच्या बऱ्याच मोजमापांत जोडीदार सारखे होते. वेदनेचे झटके आणि इतर गुंतागुंत यांत मात्र ते सारखे नव्हते. सिकलसेलमध्ये ऑक्सिजन कमी पडला की तांबड्या पेशी कोयत्यासारख्या वाकतात आणि बारीक रक्तवाहिन्या तुंबवतात. कोणत्या दिवशी, कोणत्या वाहिनीत, हे थंडी, ताप, शरीरातले पाणी कमी होणे अशा अनेक गोष्टींवर अवलंबून असते. तोरणमाळच्या थंडीत एकाने पहाटे गार पाण्याने अंघोळ केली आणि दुसऱ्याने टाळली, तर तेवढ्यानेही दोघांचा आठवडा वेगळा जाऊ शकतो.

शिक्षकाला करता येण्याजोगी कामे साधीच आहेत. पाण्याची बाटली जवळ ठेवू द्यावी, लघवीला जाण्यास आडकाठी नसावी, थंडीत उघड्यावर बसवू नये, पळण्याची सक्ती करू नये. ताप आला किंवा डोळे पिवळे दिसले तर दवाखाना गाठावा. १ जुलै २०२३ पासून देशपातळीवर सुरू झालेल्या अभियानात ४० वर्षे वयापर्यंतच्या लोकांची तपासणी योजली आहे, आणि जुळ्यांपैकी एकाचे कार्ड पाहून दुसऱ्याचा रकाना भरण्याचा मोह होऊ शकतो. तो आवर्जून टाळावा.

दोघांची बोली

जुळी सरासरीने इतर मुलांपेक्षा काही महिने उशिरा बोलू लागतात. याचे एक कारण कमी वजन आणि वेळेआधी जन्म हे आहे. पण मोठे कारण घरातल्या संवादाचे आहे. आईला एकाशी बोलायला जेवढा वेळ असतो त्यातच दोघांना वाटून घ्यावे लागते, आणि दोघांना एकमेकांची सोबत पुरते. अर्धा शब्द उच्चारला तरी दुसऱ्याला कळते, मग पूर्ण वाक्य कशाला बोलायचे?

सोव्हिएत मानसशास्त्रज्ञ अलेक्सांद्र लुरिया आणि त्यांच्या सहकारी युदोविच यांनी पाच वर्षांच्या अशा जुळ्या भावांची हकिगत लिहून ठेवली आहे. त्यांचे बोलणे बहुतेक तुटक शब्दांचे, हातवाऱ्यांचे आणि हाती असलेल्या कामाला चिकटलेले होते. गोष्ट सांगणे, खेळात कल्पना लढवणे त्यांना जमत नव्हते. संशोधकांनी फार काही केले नाही. दोघांना बालवाडीच्या दोन वेगळ्या गटांत बसवले. आता इतर मुलांशी बोलल्यावाचून गत्यंतर नव्हते. तीन महिन्यांत दोघांच्या भाषेत मोठा फरक पडला आणि भाषेबरोबर खेळही बदलला. ‘आपण आधी हे करू, मग ते’ असे बेत ते आखू लागले. दोघांपैकी कमजोर मुलाला बोलण्याचे खास धडेही दिले होते आणि त्याला त्याचा आणखी थोडा लाभ झाला. एकाच जोडीवरचा हा प्रयोग असल्याने त्यावर सिद्धांत उभारू नये, पण शिक्षकांनी वाचावा असा तो आहे.

आपल्याकडे त्यात आणखी एक पदर येतो. धडगाव किंवा अक्कलकुव्यातल्या मुलाची घरची भाषा पावरी किंवा भिली, शाळेची मराठी. जुळ्यांची आपसातली बोली ही तिसरी. पहिलीतले असे मूल वर्गात गप्प असेल तर ते मंद आहे असे समजण्यापूर्वी ते कुणाशी आणि कोणत्या भाषेत बोलते ते पाहावे. पुष्कळदा असे दिसते की दोघांपैकी एक बाहेरच्या जगाशी बोलण्याचे काम घेतो आणि दुसऱ्याची उत्तरेही तोच देतो. प्रश्न दुसऱ्याला विचारला असेल तर उत्तर दुसऱ्याकडूनच येईपर्यंत थांबणे एवढे शिक्षकाला जमले पाहिजे. सांगायला सोपे आहे, चाळीस मुलांच्या वर्गात करायला कठीण.

हुशारी कुणाची?

जुळ्यांवरून बुद्धिमत्तेचा हिशेब मांडण्याचा नाद शास्त्रज्ञांना शंभर वर्षांहून अधिक काळ आहे. लहानपणीच ताटातूट झालेल्या एकयुग्मजी जुळ्यांची बुद्धी सारखी निघाली तर ती जनुकांमुळे, असा हा तर्क. इंग्लंडमधील सिरिल बर्ट यांनी १९५५ साली अशा २१ जोड्यांचा सहसंबंध ०.७७१ दिला. १९६६ साली जोड्या ५३ झाल्या, सहसंबंध तोच, ०.७७१! तिसऱ्या दशांशापर्यंत तोच आकडा येणे ज्याने कधी प्रयोगवहीत मोजमापे लिहिली आहेत त्याला खटकलेच पाहिजे. पण बर्ट मोठे गृहस्थ, ‘सर’ होते. अकराव्या वर्षी परीक्षा घेऊन मुलांच्या शाळा ठरवण्याच्या तिथल्या पद्धतीला त्यांच्या मतांचा आधार मिळाला होता. १९७४ साली लिओन कामिन यांनी या आकड्यांवर बोट ठेवले, तोवर बर्ट वारले होते. त्यांची बाजू घेणारेही पुढे निघाले, पण ती आकडेवारी आता कुणी आधाराला घेत नाही.

१९७९ साली अमेरिकेत मिनेसोटा विद्यापीठात थॉमस बुशार्ड यांनी सुरू केलेला अभ्यास अधिक भरवशाचा होता. वेगळ्या घरांत वाढलेली एकयुग्मजी जुळी बुद्धिचाचण्यांत बरीच सारखी निघाली. तेव्हापासून ‘बुद्धी सत्तर टक्के आनुवंशिक’ हे वाक्य वर्तमानपत्रांतून फिरते आहे. या वाक्याचा अर्थ नीट पाहू या, कारण शिक्षकाच्या कामाच्या मुळावर येणारे हे वाक्य आहे.

रिचर्ड लेवाँटिन यांनी १९७० साली दिलेले बियांचे उदाहरण आपण नंदुरबारच्या मिरचीवर बेतू. मिश्र बियाण्याच्या दोन मुठी घेतल्या. एक मूठ तापीकाठच्या काळ्या जमिनीत, खतपाण्यासह पेरली. दुसरी डोंगरउतारावरच्या मुरमाड जमिनीत. काळ्या जमिनीतल्या प्रत्येक रोपाला सारखेच खतपाणी मिळाले, तर तिथल्या दोन रोपांच्या उंचीतला फरक बियाण्यामुळेच असणार. मुरमाड तुकड्यातही तसेच. म्हणजे दोन्ही ठिकाणी उंची ‘शंभर टक्के आनुवंशिक’. तरीही काळ्या जमिनीतली रोपे आणि मुरमाडातली रोपे यांच्यात जो फरक दिसतो, तो सगळाच्या सगळा जमिनीचा आहे. सत्तर टक्के हा आकडा त्या जमिनीतल्या त्या पिकाबद्दल बोलतो. एका मुलाच्या बुद्धीत किती भाग आईबापांचा, हे तो सांगत नाही. आणि खतपाणी दिल्याने काही होणार नाही, असे तर मुळीच सांगत नाही.

एरिक टर्कहायमर आणि सहकाऱ्यांनी २००३ साली अमेरिकेतल्या सात वर्षांच्या जुळ्यांची पाहणी प्रसिद्ध केली. सुस्थितीतल्या घरांत जुळ्यांच्या बुद्ध्यंकातले फरक बहुतांशी जनुकांशी जुळत होते. अगदी गरीब घरांत जनुकांचा वाटा जवळजवळ शून्यावर आला आणि घरच्या परिस्थितीचा वाटा सर्वांत मोठा ठरला. पुढे युरोपातल्या पाहण्यांत असा फरक आढळला नाही. तिथे गरिबाच्या मुलालाही दवाखाना आणि शाळा बऱ्यापैकी मिळते, हे त्याचे कारण असावे असा तर्क केला जातो. मला तो पटतो. ज्या जिल्ह्यात वजन-उंची कमी असलेल्या बालकांचा प्रश्न इतक्या वर्षांचा आहे, तिथे मुलांच्या बुद्धीबद्दल जनुकांकडे बोट दाखवणे घाईचे आहे.

आणखी एक प्रयोग सांगण्याजोगा आहे. जर्मनीतल्या संशोधकांनी जनुकीयदृष्ट्या एकसारख्या ४० उंदरांना तीन महिने एका मोठ्या, मजल्यामजल्यांच्या, खेळण्यांनी भरलेल्या पिंजऱ्यात ठेवले. २०१३ साली त्यांनी निष्कर्ष मांडले. सुरुवातीला उंदरांच्या हिंडण्याफिरण्यात फारसा फरक नव्हता. दिवसांमागून दिवस गेले तसा तो वाढत गेला. काही उंदीर पिंजऱ्याचा कोपरा न् कोपरा धुंडाळू लागले, काही आपल्या जागेपुरते राहिले. जास्त हिंडणाऱ्यांच्या मेंदूत नव्या चेतापेशीही जास्त तयार झालेल्या आढळल्या. बीज एक, घर एक, तरी ४० वेगवेगळे उंदीर. माणसांच्या जुळ्यांतही वयाबरोबर फरक वाढतो. स्पेनमधल्या ४० जोड्यांच्या २००५ सालच्या अभ्यासात लहान जुळ्यांच्या जनुकांवरच्या रासायनिक खुणा जवळपास सारख्या दिसल्या, आणि वयस्क जुळ्यांत त्या बऱ्याच वेगळ्या.

वर्गातली जागा

जुळ्यांना एका वर्गात ठेवावे की वेगळे करावे, हा पालकांचा नेहमीचा प्रश्न. कॅनडा आणि ब्रिटनमधल्या मोठ्या पाहण्यांत एकत्र आणि वेगळ्या बसलेल्या जुळ्यांच्या प्रगतीत म्हणण्याजोगा फरक आढळला नाही. अगदी लहान वयात तोडलेली काही मुले मात्र अधिक घाबरीघुबरी झाल्याचे एका ब्रिटिश अभ्यासात दिसले. तेव्हा सरसकट नियम करू नये. दोनशिक्षकी शाळेत तर हा प्रश्नच उद्भवत नाही, तुकडी एकच. तिथे बाक वेगळे करता येतात, परिपाठाच्या जबाबदाऱ्या वेगळ्या देता येतात, गटकामात दोघांना दोन गटांत घालता येते. गणवेश सारखाच राहणार, पण दप्तराला निदान वेगळ्या रंगाची दोरी बांधता येते. एकाने निबंधात बक्षीस मिळवले म्हणून दुसऱ्याला त्याच स्पर्धेत ढकलू नये, आणि ‘हा गणिताचा, तो खेळाचा’ अशी वाटणीही आपण करू नये. पुढच्या वर्षी ती उलटी होईल, आपण पाटी आधीच लावलेली असेल.

नावांचाही परिणाम होतो. महाभारतात नकुल-सहदेव ही नावे एका दमात येतात. अज्ञातवासात मात्र विराटाच्या घरी नकुल ग्रंथिक होऊन घोडे सांभाळतो आणि सहदेव तंतिपाल होऊन गाई राखतो. खोट्या नावांनी का होईना, दोघांना आपापले काम मिळते. लक्ष्मण आणि शत्रुघ्न हेही जुळे, हे वर्गात विचारून पाहा, फार थोड्यांना ठाऊक असते. एक रामामागे गेला, दुसरा भरतामागे. त्यामुळे त्यांना जोडीने कुणी हाक मारलीच नाही.

पाच वर्षांखालच्या मुलाचे आधार काढताना बोटांचे ठसे घेत नाहीत, फक्त छायाचित्र घेतात. ठसे आणि बुबुळे पाचव्या वर्षानंतर आणि पुन्हा पंधराव्या वर्षानंतर नोंदवायची असतात. पहिलीत नाव घालायला आलेल्या जुळ्यांचे हजेरीपटावरचे आडनाव, वडिलांचे नाव, आईचे नाव, जन्मतारीख सगळे एकच असते, वेगळे असते ते स्वतःचे नाव. कुणाला काय म्हणायचे हे पहिल्या आठवड्यातच पक्के करून घ्यावे. त्यासाठी तीळ, व्रण शोधत बसण्यापेक्षा दोघांशी रोज वेगवेगळी दोन मिनिटे बोलावे. आवाज, चालणे, बघण्याची लकब यांतून ती चटकन वेगळी कळू लागतात. वर्गातल्या इतर मुलांना तर ती आपल्या आधीच कळलेली असतात, त्यांनाच विचारावे.